डाव्या सोंडेची काच

आमच्या घरात आज कोणती भाजी आहे, हे मला कळायच्या आधी समोरच्या कोंडाजी आप्पांना कळलेलं असायचं. यात त्यांचा फार दोष होता असं नाही. नाशिकच्या इंदिरानगरमधल्या आमच्या सोसायटीच्या दोन विंग बिल्डरने इतक्या लगटून उभ्या केल्या होत्या, की आमच्या हॉलची खिडकी आणि आप्पांची बाल्कनी यांच्यामधून साखरेची वाटी हातोहात जाऊ शकली असती. आमच्या खिडकीची मधली मोठी काच पक्की बसवलेली आणि आरपार साधी होती; उघडायच्या त्या फक्त बाजूच्या दोन अरुंद झडपा. त्या काचेच्या पलीकडे आप्पा खुर्ची टाकून दिवसभर बसायचे.

आप्पा मूळचे मखमलाबादचे. मळा थोरल्या मुलाच्या हवाली करून ते आणि यशोदाबाई धाकट्याकडे राहायला आले होते. माणूस अतिशय सज्जन. पण बघायचे, आणि बघितलेलं मनात ठेवायचे नाहीत. एकदा माझ्या बायकोला, साधनाला, खाली जिन्याशी गाठून त्यांनी काळजीने विचारलं, "ताई, भाऊसाहेबांची तब्येत बरी हाय ना? काल चपाती परत केली त्यांनी. आन् तुम्ही पण मग जरा रागानंच ताट उचललं."

साधना वर आली ती थेट माझ्यासमोर उभी राहिली. म्हणाली, "एक तर ती खिडकी तरी बंद करा, नाहीतर माझं राग येणं तरी."

पडदा लावून झाला होता. पडद्याने घरात भरदिवसा दिवे लावावे लागत. आप्पांना तोंडावर सांगायची माझी हिंमत नव्हती. वडीलधाऱ्या माणसाला 'आमच्याकडे बघू नका' हे कोणत्या शब्दांत सांगतात ते मला अजूनही माहीत नाही. त्यामुळे मी असा उपाय काढला, की काच रंगवायची. म्हणजे उजेड आत येईल, नजर येणार नाही, आणि कोणाचं मनही दुखावणार नाही. त्या दिवसांत नाशिकमध्ये ग्लास पेंटिंगची साथ आली होती. ज्या घरी जावं त्या घरी काचेवरचा मोर चहाच्या आधी दाखवत.

"बाहेरून कोणाकडून तरी करून घ्या," साधना म्हणाली.

हे मला लागलं. मी अंबडच्या एका कारखान्यात ड्रॉइंग सेक्शनमध्ये होतो. आयुष्य रेघा मारण्यात गेलेलं. माझ्या रेघेवरून लोखंड कापलं जायचं, तिथे काचेची काय कथा. मी कॉलेज रोडवरच्या भाग्यश्री मॅडमच्या हॉबी क्लासला नाव घातलं.

क्लासमध्ये मी एकटाच पुरुष होतो. बाकीच्या बायकांनी मला खिडकीजवळची चांगली जागा दिली आणि मग माझ्याकडे बघायचं सौजन्याने टाळलं. भाग्यश्री मॅडम माझ्या भाचीच्या वयाच्या. पहिल्याच वाक्यात त्यांनी मला काका केलं. शिकवत मात्र फार नीट. काचेखाली चित्राचा कागद ठेवायचा, वरून काळ्या लायनरच्या ट्यूबने रेघ ओढायची, ती पूर्ण वाळू द्यायची, आणि मग रेघेच्या आतल्या जागेत रंग थेंबाथेंबाने सोडायचा. भिंतीला लावतात तसा ब्रश फिरवायचा नाही. रेघ कुठेही उघडी राहता कामा नये, नाहीतर रंग शेजारच्या घरात शिरतो. बुडबुडा आला तर टाचणीने फोडायचा. आणि काच सगळा वेळ आडवी, सपाट ठेवायची.

मी पट्टी, सेटस्क्वेअर आणि कंपास घेऊन गेलो होतो. पहिला धडा गुलाबाचा होता. मी सगळ्या पाकळ्या केंद्र धरून एकसारख्या काढल्या. मॅडमनी काच उचलून उजेडात धरली आणि हळू आवाजात म्हणाल्या, "काका, हा गुलाब आहे. बेअरिंग नाही."

बायका हसल्या नाहीत. त्या हसल्या असत्या तर बरं झालं असतं.

तरी चिकाटीने मी क्लास पुरा केला आणि एका रविवारी सकाळी घरच्या खिडकीला हात घातला. मोठी काच चौकटीतून काढायची म्हणजे कडेची लांबी, ती पुट्टी, खरवडा, खिळे काढा, कारागीर बोलवा. मी विचार केला, की भिंती उभ्याच रंगवतात, दारं उभीच रंगवतात, तर काच उभी रंगवायला काय हरकत आहे. डिझाइन द्राक्षांच्या वेलीचं घेतलं होतं, नाशिकला शोभेलसं. रेघा फार छान आल्या. मी घडांमध्ये जांभळा रंग सोडला आणि दोन पावलं मागे सरून बघायला लागलो.

रंग थोडा वेळ जागेवर थांबला. मग एकेका मण्यातून तो शांतपणे खाली निघाला, पानांवरून गेला, वेलीवरून गेला, चौकट ओलांडून भिंतीवर उतरला आणि शेवटी सोफ्याच्या नव्या कव्हरवर स्थिरावला. बाहेरच्या बाजूलाही, माझ्या हातून झडपेत सांडलेल्या बाटलीमुळे, भिंतीवर एक लांबलचक ओघळ गेला.

समोरून आप्पा सगळं बघत होते. "भाऊसाहेब," ते हळहळून म्हणाले, "बागेला गारपीट झाली का?"

तो बाहेरचा ओघळ आमच्या सोसायटीचे चेअरमन गायधनी यांनी खालून पाहिला. गायधनी सरकारी नोकरीतून निवृत्त झाले होते, पण नोकरी त्यांच्यातून निवृत्त झाली नव्हती. त्यांनी कमिटीची बैठक बोलावली. विषय होता, इमारतीच्या बाह्य स्वरूपात सभासदाने परस्पर केलेला बदल.

मी म्हणालो, "काच माझी आहे."

"आतली बाजू तुमची," गायधनी म्हणाले. "बाहेरची बाजू सोसायटीची."

"आणि मधली जाडी?"

"तो मुद्दा आपण तूर्त बाजूला ठेवू," ते म्हणाले. मला वाटतं, तो त्यांनी मनातल्या मनात पुढच्या बैठकीसाठी राखून ठेवला होता.

शेवटी असं ठरलं, की रंगवायचं तर आतल्या बाजूनेच, आणि चित्र कमिटीने मंजूर केलेलं. मी म्हणालो, कमळ काढतो. महापालिकेच्या निवडणुका तोंडावर आल्या होत्या. गायधनींनी कपाळावर हात ठेवला आणि कमळ रद्द केलं. त्याबरोबर हत्ती, सायकल, घड्याळ आणि ज्या ज्या वस्तू कोणीतरी निशाणी म्हणून घेतल्या असतील त्या सगळ्या रद्द झाल्या. मोराबद्दल ते म्हणाले, की तो संरक्षित पक्षी आहे, त्याबाबत चौकशी करावी लागेल. राधाकृष्णाला वरच्या मजल्यावरच्या एका गृहस्थांनी हरकत घेतली. म्हणाले, समोर संसारी माणसं राहतात. कारण कोणालाच समजलं नाही, पण हरकत नोंदली गेली. मग कोणीतरी गणपती म्हणालं आणि सगळ्यांनी सुटकेचा निःश्वास टाकला. गणपती मंजूर झाला.

या वेळी मी सगळं शास्त्राप्रमाणे केलं. काचवाल्याला बोलावून मधली काच काढवली. ती आमच्या जेवणाच्या टेबलावर आडवी ठेवली. खाली डाव्या सोंडेच्या गणपतीचं मोठं चित्र पसरलं. डाव्या सोंडेचा अशासाठी, की उजव्या सोंडेचा फार कडक. त्याचं सोवळंओवळं सांभाळावं लागतं, नैवेद्य चुकवून चालत नाही. घराघरांत बसवतात तो डाव्या सोंडेचाच. साधनाने मला हे बजावून सांगितलं होतं, आणि मी चित्र आणताना दुकानदाराकडून तीनदा खात्री करून घेतली होती.

डिसेंबरचे दिवस होते. नाशिकची थंडी ज्याने पाहिली आहे त्याला सांगायला नको. ज्याने नाही पाहिली त्याने हॉलच्या खिडकीला भलंमोठं भोक ठेवून जेवायला बसावं. भोकाला मी चादर लावली होती. वाऱ्याने ती फुगायची. आम्ही खाली जमिनीवर, स्वेटर घालून जेवायचो, कारण टेबलावर देव पहुडलेले. थंडीत लायनर वाळेना. मी टेबललॅम्प लावला. लॅम्पच्या उजेडाला चिलटं आली आणि त्यातलं एक पितांबराच्या पिवळ्या रंगात रुतलं. ते टाचणीने काढताना पितांबराला एक चुणी पडली. भाग्यश्री मॅडमना फोन केला तर त्या म्हणाल्या, "राहू द्या काका, कापडाला चुणी असतेच." त्या दिवशी मला त्यांच्याविषयी फार आदर वाटला.

साधना शाळेत शिकवायची. घरी आली की चाचणीचे पेपर मांडीवर घेऊन कोपऱ्यात तपासायची आणि अधूनमधून नाक पुसायची. बोलायची नाही. हे नुसतं बोलण्यापेक्षा वाईट असतं.

पण काच झाली. ती पुन्हा चौकटीत बसली त्या सकाळी ऊन दोन विंगांच्या मधल्या फटीतून आलं आणि आमच्या फरशीवर पिवळा, शेंदरी, हिरवा असा गालिचा पसरला. साधना चहाचा कप हातात घेऊन त्याच्या कडेला उभी राहिली, आत पाय न ठेवता. बराच वेळ बघून म्हणाली, "चांगलं झालंय हो."

लग्नाला एवढी वर्षं झाली होती; माझ्या हातच्या कशाबद्दल तिने असं म्हटलेलं मला आठवत नव्हतं. मी सावकाश चहा प्यालो. कारखान्याची बस चुकली.

संध्याकाळी परत आलो तेव्हा झडपेतून यशोदाबाईंचा आवाज आला. त्या बाल्कनीत हात जोडून उभ्या होत्या.

"भाऊसाहेब, लय सुंदर केलं तुम्ही. पण हा तर उजव्या सोंडेचा."

"नाही हो मावशी. डाव्या सोंडेचा आहे. खात्री करून घेतलाय."

"अवो, मी काय आंधळी हाय का? उजवीकडंच वळलीय."

मी मागे सरून आतून बघितलं. देवाच्या डावीकडे. झडपेतून मान बाहेर काढून, वळवून, जेवढी वळते तेवढी वळवून बघितलं. उजवीकडे. काचेला पलीकडची बाजू असते, आणि तिकडून सगळं उलटं दिसतं, ही गोष्ट ड्रॉइंग सेक्शनमध्ये आयुष्य काढलेल्या माणसाच्या लक्षात आली नव्हती. मी आमच्यासाठी डाव्या सोंडेचा गणपती केला होता आणि त्याच रंगात, त्याच मेहनतीत, समोरच्यांच्या गळ्यात उजव्या सोंडेचा घातला होता.

"तुम्ही मनावर घेऊ नका," मी म्हणालो. "चित्रच आहे."

"चित्रात पण देवच हाय ना," यशोदाबाई म्हणाल्या. आणि त्यांनी मनावर घेतलं.

दुसऱ्या दिवसापासून समोरची बाल्कनी पहाटे धुतली जाऊ लागली. चपला आत गेल्या. कांदा-लसूण बंद झाला. रोज दुपारी नैवेद्याची वाटी कठड्यावर यायची. आप्पांच्या घरी रविवारी मटण असायचं. आम्ही त्याच्या वासावरून वार ओळखायचो. ते गेलं. आंघोळ केल्याशिवाय बाल्कनीत यायचं नाही, देवाकडे पाय करून बसायचं नाही, तिथे तंबाखू मळायची नाही, असे नियम झाले. हे सगळं पाळून खुर्चीत बसण्यासारखं आप्पांजवळ काही उरलं नाही. बाल्कनी रिकामी झाली.

मला कबूल केलं पाहिजे, की पहिले काही दिवस मला फार बरं वाटलं. साधना निर्धास्तपणे रागवायला लागली.

मग एका संध्याकाळी मी अंबडहून आलो तर आप्पा आमच्या हॉलमध्ये माझ्या खुर्चीवर बसलेले. साधना स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून माझ्याकडे बघत होती. तिच्या नजरेत काय होतं ते सांगत बसत नाही.

"या भाऊसाहेब, बसा," आप्पा म्हणाले. "तिकडनं उजवी सोंड हाय. इकडनं डावी. इथं चालतं सगळं." आणि त्यांनी खिशातून तंबाखूची डबी काढली.

ते रोज यायला लागले. साधनाची शाळा सकाळची. ती जेवायला बसायच्या सुमारास यायचे आणि दिवेलागणीला जायचे. पूर्वी ते काचेपलीकडून बघायचे, आता समोर बसून बघायचे. आमटीला उकळी आली की आम्हाला सांगायचे. एकदा साधनाने धीर करून विचारलं, "आप्पा, तुम्हाला कंटाळा नाही का येत, आमचंच रोज बघून?"

आप्पांनी तंबाखू मळायची थांबवली. "ताई, मळ्यात बांधावर बसलं ना, की नजर पार रामशेजच्या किल्ल्याला जाऊन टेकायची. मधी काय नाय. इथं ती तुमच्या ताटाला टेकती. दुसरीकडं कुठं टेकवू मी?"

साधना आत गेली आणि त्यांच्यासाठी चहा टाकला. मला वाटतं, त्या दिवसापासून तिचा राग आप्पांवरून उठून पूर्णपणे माझ्यावर आला.

उपाय बरेच सुचवले गेले. गायधनींनी सुचवलं, की सोंड खरवडून सरळ करावी. उजवी नाही, डावी नाही. काच आतल्या बाजूने माझी असल्याने खरवडण्याचं काम माझं. मी ब्लेड घेऊन काचेसमोर उभा राहिलो. देवाच्या सोंडेला ब्लेड लावायला हात धजेना. ब्लेड ठेवून मी नमस्कार केला. काच उलटी बसवावी, असं वरच्या मजल्यावरचे गृहस्थ म्हणाले. म्हणजे उजवी सोंड आमच्याकडे. साधना म्हणाली, "मग शाळा सोडते आणि नैवेद्यच करत बसते." बाहेरून पडदा लावावा म्हटलं, तर यशोदाबाई म्हणाल्या, देवाच्या तोंडावर पडदा ओढणाऱ्याच्या घरी त्या पाणी पिणार नाहीत.

शेवटी आम्ही विसर्जन करायचं ठरवलं. काचवाल्याने काच काढून दिली. साधना स्कूटी चालवत होती आणि मी मागे, दोन्ही हातांत गणपती धरून. थंडीचे दिवस, बिनमोसमी गणपती. द्वारका सर्कलला लोक हात जोडायला लागले. एका रिक्षावाल्याने फुलांचा हार काढून काचेवर टेकवला. चौकातल्या वाहतूक पोलिसाने आम्हाला थांबवलं, टोपी काढून नमस्कार केला, टोपी घातली आणि साधनाकडे लायसन मागितलं.

गोदावरीच्या घाटावर निर्माल्य गोळा करणारा एक माणूस उभा होता. त्याने काचेकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"काच नाय घेत," तो म्हणाला.

"गणपती आहे."

"दिसतोय ना. पण काच हाय. पाण्यात टाकली तर कोणाच्या तरी पायात जाईल. आणि गणपतीचा महिना पण नाय हा."

त्याचं प्रत्येक वाक्य बरोबर होतं, त्यामुळे भांडायची सोय नव्हती. आम्ही पायऱ्यांवर बसलो. काच गुडघ्यांवर आडवी ठेवली. नदीवरून गार वारा येत होता. मी म्हणालो, "माझंच चुकलं. बाहेरून करून घ्यायला हवं होतं."

साधना काचेकडे बघत होती. "बाहेरून करून घेतलं असतं तर असं झालं नसतं," ती म्हणाली, आणि पितांबराच्या चुणीवरून बोट फिरवत, "इतकं चांगलं पण झालं नसतं."

परतीच्या वाटेवर ती स्कूटी सरळ घराकडे न नेता कॉलेज रोडला घेऊन गेली. भाग्यश्री मॅडमनी दारातच काच हातात घेतली, उजेडात धरली आणि सगळीकडून फिरवून बघून म्हणाल्या, "काका, रेघ कुठंच उघडी नाही." मग आम्ही त्यांना सगळं सांगितलं. त्या हसल्या नाहीत. तेवढं कसब त्यांच्याजवळ होतं.

"पण तुम्ही हा खिडकीत लावलाच कशाला? भिंतीला लावा. मागे चांदीचा कागद चुरगाळून घाला, म्हणजे उजेड नसला तरी चमकतो. भिंतीला एकच बाजू असते."

हे इतकं साधं होतं, की घरी येईपर्यंत आम्ही दोघं एकमेकांशी बोललो नाही.

प्रश्न फक्त कोणाच्या भिंतीला, एवढाच होता; आणि तोही जिना चढायच्या आधीच सुटला. आमच्या जिन्याशी न थांबता साधना समोरच्या विंगच्या जिन्याकडे वळली. मी काच घेऊन मागोमाग गेलो.

आप्पांच्या हॉलमध्ये, बाल्कनीच्या दाराशेजारी, आम्ही तो लाकडी चौकटीत घालून टांगला. मागे चांदीचा कागद होता. यशोदाबाई आधी एका बाजूने बघून आल्या, मग दुसऱ्या बाजूने, मग चौकट जरा पुढे ओढून भिंतीच्या फटीतही डोकावल्या. तिथे काही नव्हतं.

"डावीच हाय," त्या म्हणाल्या, आणि इतक्या दिवसांत पहिल्यांदा खाली बसल्या.

आमच्या खिडकीला काचवाल्याने दुधी काच बसवली. त्याचं काम पाव तासात झालं.

त्या रविवारी आप्पांनी आम्हाला आरतीला आणि जेवायला बोलावलं. आमच्यासाठी वेगळी भरल्या वांग्यांची भाजी होती. बाकी घरात मटणाचा रस्सा दरवळत होता आणि आप्पांचा चेहरा लहान मुलासारखा झाला होता. वणीहून यशोदाबाईंचे भाऊ बहिरूमामा आले होते. धोतर, पांढरी टोपी, कमी बोलणारे. जेवण झाल्यावर ते बराच वेळ हात मागे बांधून काचेसमोर उभे राहिले.

"कुठनं आणलं हे?" त्यांनी विचारलं.

मी घसा खाकरला. पण माझ्याआधी साधना बोलली.

"आमच्या ह्यांनी केलंय," ती म्हणाली. "सगळं स्वतः. रेघ कुठंच उघडी नाही बघा."

बहिरूमामांनी वळून माझ्याकडे पाहिलं, मग माझ्या हातांकडे. म्हणाले, "आमच्या गावी दुकान हाय माझं, प्रसादाचं. त्याच्या काचेच्या दारावर सप्तशृंगीची देवी काढून द्याल का? मोठी. अठराही हात पायजेत, आन् प्रत्येक हातातलं शस्त्र ज्या हातातलं त्याच हातात."

दार काचेचं. आत दुकान, बाहेर रस्ता. मी डोळे मिटले आणि अठरा हातांतली शस्त्रं एका बाजूने मांडून दुसऱ्या बाजूने बघू लागलो.

"काढतील की," साधना म्हणाली. "पण दारावर नाही मामा. तुमच्याकडे एखादी भिंत मोकळी असेल तर सांगा."